रीमा लागू यांची ओळख ‘पडद्यावरची आई’ एवढीच नको

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रीमा लागू यांच्या स्मृतिदिनानिमित्त आपल्या पुरवणीत आलेला लेख वाचला. लेख आपुलकीने लिहिलेला आहे आणि त्यातल्या आठवणी वाचनीय आहेत. तरीही दरवर्षी मे महिन्यात बहुतेक वृत्तपत्रांत आणि वाहिन्यांवर जो सूर लागतो, तोच याही लेखात लागला आहे. शीर्षकात ‘पडद्यावरची लाडकी आई’, शेजारी सलमान खानसोबतचे छायाचित्र, राजश्रीच्या तीन चित्रपटांची नावे आणि शेवटी अकाली जाण्याबद्दल हळहळ. १८ मे २०१७ रोजी, वयाच्या अठ्ठावन्नाव्या वर्षी, हृदयविकाराने गेलेल्या या अभिनेत्रीची रंगभूमी, चित्रपट आणि दूरचित्रवाणी अशा तिन्ही ठिकाणची कारकीर्द एका नात्याच्या नावात गुंडाळून ठेवली जाते, याबद्दल माझी तक्रार आहे.

आधी वयांचा हिशेब मांडतो, कारण ‘लाडकी आई’ म्हणताना तो कोणी करत नाही. रीमा लागू यांचा जन्म २१ जून १९५८ चा. ‘कयामत से कयामत तक’ १९८८ मध्ये आला, तेव्हा त्या तीस वर्षांच्याही पुऱ्या नव्हत्या आणि त्यात त्या जुही चावलाच्या आई होत्या. पुढच्याच वर्षी ‘मैंने प्यार किया’ आला, तेव्हा त्यांचे वय एकतीस होते आणि पडद्यावरच्या मुलाचे, म्हणजे सलमान खानचे, चोवीस. त्याच १९८९ साली अनिल कपूर ‘राम लखन’ आणि ‘परिंदा’चे नायक होते, ते रीमा लागूंपेक्षा दीड वर्षाने मोठे आहेत. संजय दत्त त्यांच्याहून एका वर्षाने लहान. तरी १९९१ च्या ‘साजन’मध्ये त्या त्याला दत्तक घेणारी आई झाल्या, १९९३ च्या ‘गुमराह’मध्ये संजय दत्त नायक असताना त्या श्रीदेवीच्या आई झाल्या, आणि १९९९ च्या ‘वास्तव’मध्ये पुन्हा त्याच्याच सख्ख्या आई. तिशी उलटण्याआधीच बाईला आई करायचे आणि तिच्याच वयाच्या पुरुषाला आणखी वीस वर्षे नायिकेच्या मागे बागेतून पळवायचे, हा हिंदी चित्रसृष्टीचा जुना रिवाज आहे. आपण त्याला ‘मातृत्वाचा चेहरा’ असे भरजरी नाव देतो तेव्हा त्या रिवाजावर पांघरूण घालतो.

या रिवाजाची एक कडी विलक्षण आहे. ‘मदर इंडिया’त नर्गिस यांनी आपल्या मुलाला, म्हणजे सुनील दत्त यांना, गोळी घातली, दोघे जवळपास एकाच वयाचे होते आणि पुढे त्यांनी लग्न केले. त्यांचाच मुलगा बेचाळीस वर्षांनी ‘वास्तव’मध्ये आईच्या गोळीने मरतो आणि ही आई त्याच्याहून जेमतेम एका वर्षाने मोठी असते. वयातली ही विसंगती त्या वेळी प्रेक्षकांना खटकली नाही, याचे श्रेय मी रंगभूषेला देत नाही. महेश मांजरेकरांचा हा चित्रपट सुरू होतो तोच समुद्रकिनारी, रघूच्या, म्हणजे संजय दत्तने रंगवलेल्या मुलाच्या, वर्षश्राद्धाच्या प्रसंगाने. नातू बापाविषयी विचारतो आणि आजी सांगू लागते. म्हणजे सगळी कथा या बाईच्या तोंडून आपल्यापर्यंत येते. पन्नास तोळ्यांच्या साखळीच्या प्रसंगाच्या नकला आजही होतात, पण त्या संजय दत्तच्या. त्या प्रसंगात समोर उभ्या असलेल्या आईच्या चेहऱ्याकडे पुन्हा एकदा बघावे. सोने पाहून डोळे दिपणे, ते कुठून आले असेल याची कल्पना येणे आणि मुलगा आता आपल्या हातात राहिलेला नाही हे कळणे, असा तिन्हींचा प्रवास तिथे दिसतो आणि त्यासाठी लेखकाने तिला फारसे काही बोलायला दिलेले नाही. शेवटी मुक्ती मागणाऱ्या मुलावर पिस्तूल रोखताना त्यांनी रडण्याचा आवाजसुद्धा वाढवलेला नाही. या भूमिकेला फिल्मफेअरचे नामांकन मिळाले, पुरस्कार नाही. ‘मैंने प्यार किया’, ‘आशिकी’, ‘हम आपके हैं कौन’ आणि ‘वास्तव’ अशी चार नामांकने त्यांच्या नावावर आहेत. चारही आईच्या भूमिकांसाठी, चारही सहाय्यक अभिनेत्रीच्या गटातली, आणि चारही वेळा हात रिकामे.

आपल्या लेखातले एक विधान मात्र मला पूर्ण मान्य आहे: रीमा लागूंनी हिंदी चित्रपटातली आई बदलली. शिवणयंत्रावर वाकलेली, पांढऱ्या साडीतली, डोळ्यांना पदर लावणारी आई जाऊन तिच्या जागी मुलाशी थट्टामस्करी करणारी, त्याच्या प्रेमाची बाजू नवऱ्यापुढे ठामपणे मांडणारी शहरी बाई आली. पण हा बदल काही आभाळातून पडला नाही. ज्या अभिनेत्रीला साधे, बोलते, दैनंदिन संवाद सहज म्हणण्याची सवय दहा वर्षांच्या रंगभूमीने लावली होती, तिच्या तोंडी अलंकारिक संवाद आले तरी ती ते घरच्यासारखेच बोलणार. ही रंगभूमीची दहा वर्षे आपल्या लेखात एका अर्ध्या वाक्यात आटोपली आहेत, आणि माझे दुखणे मुख्यतः तेच आहे.

पूर्वाश्रमीच्या नयन भडभडे. आई मंदाकिनी भडभडे रंगभूमीवरच्या अभिनेत्री. पुण्याच्या हुजूरपागेत शिक्षण झाले आणि पुढे नाटक हेच घर झाले. जयवंत दळवी यांचे ‘पुरुष’ विजया मेहता यांनी बसवले, तेव्हा नाना पाटेकर यांच्या गुलाबरावासमोर रीमा लागूंची अंबिका उभी राहिली. सत्तेच्या माजात वावरणारा राजकारणी जिच्यावर बलात्कार करतो आणि न्यायाच्या सगळ्या वाटा बंद झाल्यावर जी स्वतःच्या हाताने सूड घेते, ती ही अंबिका. ज्यांनी ते प्रयोग पाहिले आहेत त्यांना ‘सोज्वळ आई’ हे बिरुद ऐकून हसू येईल. नाना पाटेकर यांच्यासारखा अंगावर येणारा नट समोर असताना त्याच पट्टीत ओरडले की नाटकाची कुस्ती होते. अंबिकेची ताकद होती ती ऐकून घेण्यात, आतल्या आत गोळा होत जाण्यात. त्यानंतरचे शेखर ताम्हाणे यांचे ‘सविता दामोदर परांजपे’ घ्या. एका संसारी बाईच्या अंगात दुसरीच स्त्री शिरते, असे हे नाटक. म्हणजे एकाच देहाने, कपडे न बदलता, रंगमंचावरच कुसुमची सविता आणि सविताची पुन्हा कुसुम व्हायचे. आवाज कुठे बदलतो, मान कुठे ताठ होते, हे शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचले पाहिजे, आणि तरी ते भुताखेताचे सोंग वाटता कामा नये. चित्रपटाने त्यांच्याकडून एवढे मोठे काम कधी मागितलेच नाही.

बरे, हे सगळे चालू होते ते बँकेची नोकरी सांभाळून. त्या युनियन बँकेत होत्या आणि आंतरबँक नाट्यस्पर्धांत काम करत. मी स्वतः दुसऱ्या एका बँकेतून निवृत्त झालेला माणूस आहे, म्हणून याविषयी चार शब्द जास्त लिहितो. आज नवी पिढी विचारते की त्या काळात मराठी रंगभूमीवर एवढी माणसे आली तरी कुठून. त्याचे एक साधे उत्तर असे की बँका, विमा कंपन्या आणि सरकारी कार्यालये यांनी त्यांना महिन्याच्या एक तारखेला पगार दिला. दिवसभर काउंटर, रोकड जुळली की धावत लोकल पकडायची आणि तालमीला पोहोचायचे. जून आणि डिसेंबरच्या क्लोजिंगला तालमी बंद पडायच्या, कारण अर्धी पात्रे रात्री उशिरापर्यंत खातेवह्यांत बुडालेली असत. दौऱ्यासाठी रजा मागताना साहेबांची मनधरणी करणे ही तर स्वतंत्र कला होती. पगाराची ही हमी असल्यामुळे नटाला वाईट नाटक नाकारता येत असे. १९७९ चा ‘सिंहासन’, गोविंद निहलानींच्या ‘आक्रोश’मधली नर्तकीची छोटीशी भूमिका, श्याम बेनेगल यांचा ‘कलयुग’ अशी त्या काळातली त्यांची चित्रपटांची यादी पाहिली, तर ती पोटासाठी धडपडणाऱ्या नटीची यादी वाटत नाही.

आता दूरचित्रवाणीविषयी, कारण तिथे तर आपल्या लेखाने त्यांच्यावर सरळ अन्यायच केला आहे. १९८५ मध्ये दूरदर्शनवर ‘खानदान’ आली, तेव्हापासून त्या या माध्यमात होत्या. पण त्यांच्यातली विनोदी अभिनेत्री देशाला दिसली ती १९९४ च्या सुमारास, एकाच वेळी दोन मालिकांतून. ‘श्रीमान श्रीमती’मध्ये त्या जतीन कनाकिया यांच्या पत्नी होत्या, कोकिला कुलकर्णी ऊर्फ कोकी. प्रत्येकाला दुसऱ्याची बायको बरी वाटते, एवढ्या एका खुंटीवर ही मालिका वर्षानुवर्षे टांगलेली होती. बाकीचे तिघे, म्हणजे कनाकिया, राकेश बेदी आणि अर्चना पूरणसिंग, आपापल्या तऱ्हेने अतिशयोक्तीत रंगलेले. त्यांच्यामध्ये कोकी ही एकटी शहाणी बाई. प्रहसनात शहाण्या माणसाचे काम सर्वांत अवघड असते, कारण हशा दुसऱ्याच्या वाक्याला येतो आणि तो येईल की नाही हे याच्या प्रतिक्रियेवर ठरते. कनाकिया यांची प्रत्येक थाप ऐकून घेताना रीमा लागू क्षणभर काहीच करत नसत, आणि तो रिकामा क्षण नेमका किती लांबवायचा याचे त्यांचे गणित कधी चुकले नाही.

‘तू तू मैं मैं’ने तर त्यांना पुन्हा पस्तिशीतच सासू केले. सून सुप्रिया पिळगावकर, दिग्दर्शक सचिन. पण ही सासू म्हणजे मायेचा पुतळा नव्हती. ती कुजकट बोलायची, आजारपणाचे ढोंग करायची, डाव टाकायची आणि हरायचीही. दोन्ही बाजूंनी तुल्यबळ नट असल्यामुळे त्या भांडणाला लय आली होती. एकीने वाक्य टाकायचे, दुसरीने ते जमिनीवर पडू न देता उचलायचे. दोघीही मराठी बोलणाऱ्या, त्यामुळे त्या हिंदी भांडणाला आपल्याकडच्या माजघराचा वास होता, असे मला नेहमी वाटत आले आहे. पुढे वाहिन्यांवर ज्या दागिन्यांनी मढलेल्या, भुवया उडवणाऱ्या कारस्थानी सासवा आल्या, त्यांच्या शेजारी ही सासू ठेवून पाहिली की दोन दशकांत आपण काय गमावले ते कळते.

त्यांची शेवटची भूमिकाही आपल्या लेखात नाही. ‘नामकरण’ या हिंदी मालिकेत त्या दयावंती मेहता ही करारी, प्रसंगी क्रूर होणारी आजी करत होत्या, आणि मृत्यूच्या आदल्या दिवशी संध्याकाळपर्यंत त्यांनी तिचे चित्रीकरण केले, असे त्या वेळी सगळीकडे छापून आले होते. म्हणजे ज्या बाईला आपण ‘लाडकी आई’ म्हणून निरोप दिला, ती कामावरून शेवटची परतली तेव्हा खलनायिका रंगवून परतली होती. दैनंदिन मालिकांचे कामाचे तास आणि साठीकडे झुकलेले कलाकार हा वेगळा विषय आहे आणि त्यावर आपण एकदा सविस्तर लिहावे. इथे मला एवढेच नोंदवायचे आहे की लाडकेपणाची चौकट मोडण्याचे काम त्या स्वतः शेवटपर्यंत करत होत्या.

माझ्या तक्रारीला कोणी असेही उत्तर देईल की त्यांना घराघरांत ओळख मिळाली ती आईच्याच भूमिकांमुळे, मग तक्रार कसली? ओळख मिळाली, पैसाही मिळाला असेल, आणि त्या भूमिका त्यांनी मन लावून केल्या. ‘हम साथ साथ हैं’मधली कैकेयीच्या वळणाने जाणारी सावत्र आई कागदावर इतकी भाबडी आहे की दुसऱ्या कोणी केली असती तर हास्यास्पद झाली असती. त्यांच्या आयांना कमी लेखण्याचा माझा हेतू नाही. पण हिंदी चित्रपटांच्या प्रेक्षकाने त्यांना आई म्हणावे हे समजू शकते. ज्या भाषेच्या रंगभूमीवर अंबिका आणि सविता उभ्या राहिल्या, त्या भाषेतल्या वृत्तपत्राने हिंदीतलीच ओळख उसनी घ्यावी, हे पटत नाही.

म्हणून एक विनंती आहे. नाटकाचा प्रयोग पडदा पडला की संपतो, आणि त्या काळातल्या फार थोड्या प्रयोगांचे चित्रण झाले आहे. मागे उरतात ती परीक्षणे, जाहिराती आणि छायाचित्रे, जी आपल्या दप्तरात नक्की असतील. ‘पुरुष’ आणि ‘सविता दामोदर परांजपे’ यांची आपल्याच वृत्तपत्रात त्या वेळी आलेली परीक्षणे पुढच्या स्मृतिदिनाला जशीच्या तशी पुन्हा छापावीत. सोबत त्या नाटकांत त्यांच्यासमोर उभे राहिलेले, विंगेत प्रॉम्प्टिंग केलेले, दौऱ्याच्या बसमध्ये बरोबर असलेले जे कोणी आज हयात आहेत, त्यांच्याकडून लिहून घ्यावे. सलमान खानसोबतचे छायाचित्र त्या वर्षी वगळले तरी वाचक तक्रार करणार नाहीत; निदान मी तरी करणार नाही.

कळावे,
आपला नम्र,
एक निवृत्त बँक कर्मचारी, दादर