माळ्यावर सापडलेली चौकट

पुणे
रविवार, सकाळ

प्रिय विनू,

सप्रेम नमस्कार.

परवा फोनवर तू विचारलंस, ‘मेनफ्रेम म्हणजे काय ते नातीला कसं सांगू?’ तेव्हा मला धड सांगता आलं नाही. दोनच दिवसांनी माळा आवरताना ती चौकट हाती लागली, म्हणून आज पत्रच लिहायला बसलो.

आपल्या ऑफिसातलं आयबीएम 1401 हे संगणकाचं मोठं मशीन मोडीत निघालं, तेव्हा साहेबांच्या परवानगीने मी त्याच्या मेमरीचा एक थर घरी आणला होता. बाकी सगळं भंगारात गेलं, याचं मला अजून वाईट वाटतं. तू अकाउंट्सला. आमच्या एसी खोलीतलं मशीन तू पाहिलंस ते काचेतून: माहितीसाठी भोकं पाडलेली 800 कार्डं मिनिटाला वाचणारा रीडर आणि 600 ओळी छापणारा प्रिंटर, ज्याच्या आवाजात आपल्याला ओरडून बोलावं लागायचं. खरी गंमत मात्र आत होती, आणि ती आत्ता माझ्या टेबलावर आहे.

भिंगातून बघतोय. एका अंगाला 50, दुसऱ्या अंगाला 80, म्हणजे 4000 फेराइटच्या, म्हणजे चुंबक होऊ शकणाऱ्या पदार्थाच्या, कड्या. एकेक कडी मोहरीच्या दाण्याएवढी आणि तिच्यातून केसासारख्या तारा ओवलेल्या. असे आठ थर एकावर एक ठेवले की 4000 अक्षरांची मेमरी झाली. प्रत्येक अक्षराला प्रत्येक थरातली एक कडी मिळायची. कडीतलं चुंबकत्व एका दिशेने फिरलं की 1, उलट फिरलं की 0. कडी उलटवायला जेवढा प्रवाह लागतो त्याच्या निम्माच एका उभ्या तारेतून सोडायचा आणि निम्मा एका आडव्या तारेतून. दोन्ही जिथे भेटतात तेवढीच कडी उलटते. त्याच तारांवरच्या बाकीच्या कड्यांना निम्मा प्रवाह मिळतो, त्या जागच्या हलत नाहीत.

आता वाचायचं कसं? कडीकडे नुसतं बघून काही कळत नाही. तिला सरळ 0 कडे ढकलायचं. आधी 1 असेल तर उलटताना ती तिसऱ्या तारेत बारीकसा झटका देते. झटका आला तर 1 होता, नाही आला तर 0. पण विनू, वाचलं की ते पुसलं जातं! म्हणून मशीन दर वेळी वाचलेलं लगेच जागच्या जागी पुन्हा लिहायचं. 1 लिहायचा तर प्रवाह उलट्या दिशेने सोडायचा. 0 ठेवायचा असेल तेव्हा चौथी तार त्याला अडवायची. वाचणं आणि परत लिहिणं, दोन्ही मिळून 11.5 मायक्रोसेकंद, म्हणजे सेकंदाचे साडेअकरा दशलक्षांश. इतकी वर्षं झाली, तरी हे आठवलं की मी हरखून जातो.

नातीला एक गोष्ट आवर्जून सांग. आपल्याकडे संगणक नुसते बाहेरूनच आले असं तिला वाटू देऊ नकोस. आपल्या मुंबईत, टाटा मूलभूत संशोधन संस्थेत, आर. नरसिंहन यांच्या नेतृत्वाखाली पोरसवदा माणसांच्या एका लहानशा गटाने संगणक स्वतः बांधला. त्यातल्या बहुतेकांनी त्याआधी संगणक वापरलेलाही नव्हता. 1956 मध्ये छोटं प्रायोगिक यंत्र चालू झालं आणि 1960 मध्ये मोठं. 2700 व्हॉल्व्ह, 1700 डायोड, 12,500 रेझिस्टर, आणि हे सगळं अठरा फूट लांब, आठ फूट उंच लोखंडी सांगाड्यात. मेमरी अशाच फेराइट कड्यांची: 40 बिटांचे 2048 शब्द, आणि बिट म्हणजे एक 0 किंवा 1, त्याला एक कडी. मी आत्ता कागदावर गुणाकार केला, 81,920 कड्या झाल्या. व्हॉल्व्ह म्हणजे आपल्या जुन्या रेडिओतले, तापणारे आणि कधीही जाणारे. एका रेडिओतला एक गेला की घरात किती शांतता व्हायची, आठव. इथे 2700 एकाच वेळी धड राहायला हवे होते.

जानेवारी 1962 मध्ये पंडित नेहरूंनी त्याला नाव दिलं, टिफ्रॅक. तोवर जगात ट्रान्झिस्टरची यंत्रं आली होती आणि 1964 मध्ये त्याच संस्थेत अमेरिकेचं सीडीसी 3600 हे संगणकयंत्र आलं. टिफ्रॅक मागे पडलं. पण ते बांधताना जी माणसं तयार झाली, ती पुढेही कामी आली. माझ्या मते त्या यंत्राची खरी कमाई हीच. आपल्या शाळेच्या पुस्तकात याचा एक परिच्छेद तरी असायला हवा होता.

आणि ‘मेनफ्रेम’चं म्हणशील तर फ्रेम म्हणजे तोच लोखंडी सांगाडा. ज्या सांगाड्यात मुख्य गणित चालायचं तो मेन, कार्डं-प्रिंटर-टेप बाहेरचे. पुढे सगळ्याच मोठ्या यंत्रांना ते नाव पडलं.

चौकटीच्या एका कोपऱ्यात दोन तारा तुटल्यात. माझा हात आता थरथरतो आणि तुझं सोल्डरिंग नेहमीच माझ्यापेक्षा चांगलं. दिवाळीच्या सुट्टीत नातीला घेऊन ये. भिंग मी पुसून ठेवलंय. वहिनींना नमस्कार.

तुझा,
अनंता