आह्कू, त्या गवताच्या पेंडीबद्दल

आदरणीय आह्कू,

तुमच्या घरची मुलं तुम्हाला आह्कू, म्हणजे आजी, म्हणतात. तुमच्याकडे आलो त्या दिवसापासून आम्हीही तेच म्हणतो. तुमचं नाव आणि तुमच्या सीइदाचं, म्हणजे एकत्र कळप राखणाऱ्या कुटुंबांचं, नाव या पत्रात येणार नाही. नॉर्वेच्या उत्तरेला फिनमार्कच्या पठारावर, कौतुकेइनोच्या बाजूला, मार्च महिन्यात हे घडलं, एवढं वाचणाऱ्यांना पुरे. पत्र मराठीत लिहा असं तुमच्या नातीनेच सुचवलं. आधी तुमच्या माणसांना कळू दे, मग मी आजीला सांगेन, असं ती म्हणाली होती.

आभार आमच्या गटातल्या साताऱ्याच्या काकूंच्या पायांसाठी आहेत. बाकी सगळं त्यानंतर.

तुमच्याकडे येण्याच्या दोन दिवस आधी आमचा गट दुसरीकडे अशाच एका 'सामी अनुभवा'ला गेला होता. सामी म्हणजे तुमचे लोक, या उत्तरेचे मूळ रहिवासी, हे वाचणाऱ्यांसाठी. तिथे पैसे मोजून घेतले आणि वीस मिनिटांत बाहेर काढलं. बसमधून उतरताच प्रत्येकाच्या कपाळाला काजळी फासली आणि हा प्राचीन विधी आहे म्हणून सांगितलं. सामी लोकांत असा विधी नाही, तो पर्यटकांसाठी रचलेला खेळ आहे. काजळी फासणाऱ्याच्या अंगातला निळा-लाल झगा गाक्ती, म्हणजे सामींचा पारंपरिक पोशाख, म्हणून दाखवला, पण तो नाटकाच्या कपड्यांसारखा शिवलेला होता. खऱ्या गाक्तीच्या फितीवरून, काठावरून, टोपीवरून माणूस कुठल्या भागातला, कधी कधी कुठल्या घरातला हेही कळतं. उसन्या झग्यातून काय कळणार? फिनलंडच्या सामी संसदेला 2018 मध्ये पर्यटनासाठी नैतिक तत्त्वं लिहून काढावी लागली ती अशाच प्रकारांमुळे. पण आमचा खरा राग वेगळ्याच गोष्टीचा आहे. उणे वीसच्या थंडीत काकू लंगडत होत्या आणि तिथल्या एकाही माणसाने खाली पाहिलं नाही. फोटो मात्र विकायला काढले.

तुम्ही पहिल्यांदा खालीच पाहिलंत.

आम्ही गाडीतून उतरलो तेव्हा तुम्ही दारात उभ्या होतात. चेहरे नाही, कॅमेरे नाही, पावलं बघत होतात. चालण्यावरून कोणाचा पाय बधिर झालाय ते तुम्हाला कळतं, हे आम्हाला नंतर समजलं. काकूंना हाताला धरून लाव्वूत, म्हणजे तुमच्या तंबूत, नेलंत, रेनडियरच्या कातड्यावर बसवलंत आणि बूट काढलात. आत लोकरीच्या मोज्यांचे तीन जोड होते. शहरातली माणसं ही चूक हमखास करतात. बुटात जागा उरली नाही की पाय आवळला जातो, रक्त बोटांपर्यंत पोहोचत नाही, घाम मोज्यात मुरतो आणि तोच ओलावा थंडी आत ओढतो. तिसरा मोजा ऊब देत नाही, असलेली ऊब घालवतो.

मग नातीकरवी तुम्ही विचारलंत, साखरेचा आजार आहे का? आहे म्हटल्यावर शेकोटीकडे सरकवलेलं आसन तुम्ही मागे ओढलंत. ज्या पायाची संवेदना गेलीय तो आगीजवळ नेला तर कातडी भाजते आणि माणसाला पत्ता लागत नाही. तुम्ही काकूंचं पाऊल उचललंत, आपला अंगरखा वर केलात आणि ते स्वतःच्या पोटाशी धरलंत.

काकूंनी पाय झटकन मागे घेतला. आमच्याकडे वयाने मोठ्या बाईने आपल्या पायाला हात लावणं म्हणजे तिचा अपमान आणि आपल्याला पाप. तुम्हाला हे माहीत असण्याचं कारणच नव्हतं. तुम्ही पाय परत ओढून घेतलात, दोन्ही हातांनी झाकलात आणि बोटांना रंग येईपर्यंत हललात नाही. घासलं नाहीत, चोळलं नाहीत. गारठलेली कातडी चोळली की आत इजा होते, नुसती माणसाची ऊब द्यायची असते. काकू रडत होत्या. वेदनेने नाही, हे तुम्हालाही कळलं असावं.

त्यानंतरची गवताची गोष्ट मी सविस्तर लिहितोय, कारण उत्तरेकडे येणाऱ्या मराठी माणसांना तिचा उपयोग होईल. तुम्ही सुओइद्नीची पेंडी काढलीत. हे पाणथळ जागी उगवणारं लांब पात्याचं गवत. उन्हाळ्याच्या शेवटी कापायचं, झोडून आणि विंचरून मऊ करायचं, वाळवायचं आणि वेणीसारखं वळून ठेवायचं. बूट भरताना मूठभर गवत आधी हातात पिंजून मोकळं करायचं. मग गोल फिरवत घरट्यासारखा आकार द्यायचा, टोकं आतल्या बाजूला वळवायची म्हणजे टोचत नाहीत, आणि ते घरटं बुटात बसवून मूठ फिरवत पायापुरती जागा करायची. टाचेखाली आणि बोटांपुढे थर जाड हवा. तिथे पातळ राहिला की थंडी पहिल्यांदा तिथूनच शिरते. ठासून भरायचं नाही, कारण ऊब गवतात नसते, पात्यांमध्ये अडकलेल्या हवेत असते. घाम गवत शोषून घेतं. रात्री ते बाहेर काढून पसरायचं, आगीपासून लांब वाळवायचं आणि सकाळी पुन्हा पिंजून भरायचं. पाती मोडून भुसा व्हायला लागला की बदलायचं.

बूट होते नुव्तोहात, रेनडियरच्या पायांच्या केसाळ कातड्याचे. तळव्याचे तुकडे असे जोडलेले की केसांची दिशा समोरासमोर येते, म्हणून बर्फावर पुढेही घसरत नाही आणि मागेही. शिलाई प्राण्याच्या स्नायूच्या दोऱ्याची. ओल लागली की दोरा फुगतो आणि सुईचं भोक बुजतं. टोक वर वळलेलं, कारण पूर्वी ते स्कीच्या पट्ट्यात अडकवत. हे बूट कोरड्या, कडक थंडीसाठीच. वसंतात बर्फ ओला झाला की केस भिजतात आणि सगळा डाव उलटतो. शेवटी घोट्याभोवती विणलेली लांब पट्टी, वुओद्दागात, तुम्ही घट्ट पण श्वास घेईल अशी गुंडाळलीत, म्हणजे वरून बर्फ आत जात नाही. गुंडाळताना तुम्ही काहीतरी गुणगुणत होतात. तो योइक, म्हणजे सामींचं पारंपरिक गाणं, होता का, हे कोणी विचारलं नाही याचं आज बरं वाटतं. योइक एखाद्या माणसाबद्दल गात नाहीत, त्या माणसालाच गातात, असं सामी सांगतात. धर्मोपदेशकांनी त्याला पाप ठरवलं होतं. फर्माईश करून ऐकायची ती गोष्ट नव्हे.

काकू कळपापर्यंत चालत गेल्या. आधार न घेता.

कळपाजवळ तुम्ही आम्हाला जे शिकवलंत ते याच स्वभावातून आलेलं होतं. आधी वारा कुठून येतोय ते बघा. सरळ चालून जाऊ नका, कडेने जा आणि थांबा, रेनडियर यायचा तर आपणहून येईल. शिंगांना हात लावायचा नाही. खाऊ घालायचं तर दगडफूलच, म्हणजे तो फिकट शेवाळासारखा लायकेन, तोही सपाट तळहातावर. पाव नाही, बिस्किट नाही. ड्रोन तर नाहीच. मार्चमधल्या माद्या गाभण असतात, मेमध्ये विणार असतात. हिवाळाभर त्या अंगावरच्या चरबीवर तगतात आणि प्रत्येक घाबरी धाव त्या चरबीतून वजा होते. आमच्यातल्या एका मुलाने विचारलं, शिंगं असलेले सगळे नर का? तुम्ही हसलात. मोठ्या नरांची शिंगं माजानंतर हिवाळ्याच्या तोंडालाच गळतात. माद्यांची वीण होईपर्यंत टिकतात, कारण बर्फ उकरून केलेला चरायचा खड्डा त्यांना राखायचा असतो. गाडी ओढणारे खच्ची केलेले हेआर्गी तेवढे अपवाद, त्यांची शिंगंही उशिरापर्यंत राहतात.

ग्वोह्तुन हा शब्द तुम्ही तीनदा उच्चारून घेतलात. त्याला मराठीत एक शब्द नाही. चारा खाली आहे का, बर्फ किती खोल आणि किती कडक आहे, खुराने उकरून जनावराला तो मिळतोय का, हे सगळं मिळून ग्वोह्तुन. तुम्ही फावड्याने खड्डा खणून थर दाखवलेत. वरचा भुसभुशीत, मधला दाणेदार आणि अगदी तळाशी बोटभर जाडीचा बर्फाचा काचेसारखा पापुद्रा. ऐन हिवाळ्यात पाऊस पडतो, जमिनीवर गोठतो आणि चारा आत कैद होतो. भुकेलं जनावर वरून फिरत राहतं. अशा वेळी कळप हलवायचा, नाहीतर चारा आणायचा. पण चारा आणला की प्रश्न सुटला असं नाही. पोटातले जंतू दगडफुलाला सरावलेले असतात. एकदम खुराक बदलला किंवा जाड वाळलं गवत टाकलं तर ते पचत नाही, आणि भरल्या पोटी जनावर उपाशी मरतं. बदल हळूहळूच करावा लागतो. दगडफूल वर्षाला जेमतेम काही मिलिमीटर वाढतं, म्हणजे एकदा तुडवलेलं किंवा खणलेलं कुरण पुन्हा उभं राहायला काही दशकं लागतात. पवनचक्क्या आणि रस्ते आले की नुसती जमीन जात नाही, असं तुम्ही का म्हणालात ते तो खड्डा बघितल्यावर कळलं. मध्य नॉर्वेतल्या फोसेनच्या पवनचक्क्यांचे परवाने सामींच्या संस्कृतीच्या हक्काचं उल्लंघन करणारे आहेत, असा निकाल नॉर्वेच्या सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्ये दिला. त्यानंतरही चक्क्या फिरतच होत्या, म्हणून 2023 मध्ये तरुण मुलं ऑस्लोत मंत्रालयात ठाण मांडून बसली.

एक माफीही मागायची आहे. आमच्यापैकी एकाने विचारलं, तुमच्याकडे किती रेनडियर आहेत? तुम्ही कळपाकडे बघितलंत आणि म्हणालात, झाडाच्या दोन्ही बाजूंना आहेत. सामी माणसाला हा प्रश्न विचारणं म्हणजे बँकेत किती पैसे आहेत असं विचारणं, हे आम्हाला ठाऊक असायला हवं होतं. आमच्या महाराष्ट्रातही धनगर पावसाळ्यानंतर मेंढ्या घेऊन कोकणात उतरतात आणि पुढच्या पावसाआधी घाटावर परततात. त्यांनाही वाटेत भेटणारा शहरी माणूस हाच प्रश्न पहिल्यांदा विचारतो. तुमच्या नातीने घोंगडीचं चित्र बघून ती कशी विणतात ते खोदून खोदून विचारलं. संख्या नाही विचारली.

आणि ती चिठ्ठी. निघताना तुम्ही काकूंना गवत कसं वाळवायचं ते लिहून दिलंत, आधी नॉर्वेजियनमध्ये, मग खोडून सामीत, अडखळत. नात म्हणाली, आजीच्या शाळेत सामी बोलायला मनाई होती, लिहायला ती फार उशिरा शिकली. नॉर्वेच्या संसदेने त्या नॉर्वेजियनीकरणाबद्दल 12 नोव्हेंबर 2024 रोजी रीतसर माफी मागितली. ती माफी तुम्हाला पुरेशी वाटते का, हे विचारायचा हक्क आमचा नाही. पण खोडलेल्या ओळीखालची ती सामी ओळ काकूंनी देवघरातल्या पोथीत ठेवली आहे. वाचता येत नाही तरी.

तुमच्यासारखी माणसं असतात म्हणून अनोळखी देशात म्हातारी माणसं घेऊन जायची हिंमत होते. सभ्यता म्हणजे गोड बोलणं असं आम्हाला लहानपणी शिकवलं. तुम्ही तर त्या दुपारी फारसं बोललाच नाहीत. कॉफीत सुक्या मांसाचे तुकडे टाकलेत, आमच्यातल्या शाकाहारी बाईंचा पेला न विचारता वेगळा ठेवलात आणि पुन्हा पावलांकडे बघितलंत. पैसे घ्यायची वेळ आली तेव्हा ठरलेलेच घेतलेत. गवताचे वेगळे द्यायला गेलो तर पेंडी आमच्याच हातात कोंबलीत.

ती पेंडी आता निम्मी उरली आहे. साताऱ्याला तिचा उपयोग नाही, तरी काकू ती दर महिन्याला उन्हात पसरतात आणि पुन्हा वळून ठेवतात, टोकं आत, तुम्ही दाखवली तशी. ऑगस्टअखेरीस गवत कापायला माणसं कमी पडतात असं नात म्हणाली होती. आमच्यातले दोघे येणार आहेत, विळा चालवता येणारे. राहायची सोय ते स्वतः करतील, बूट तेवढे सैल घेऊन येतील.

ओल्लू गीतू, म्हणजे खूप आभार, आह्कू.

तुमच्या लाव्वूत त्या दुपारी बसलेले आम्ही सगळे, आणि काकू