अडखळलेला पाय

प्रिय बाई,

न्यूयॉर्कच्या त्या स्टुडिओत सगळे तुम्हाला नावानंच हाक मारायचे. मला ते कधी जमलं नाही, म्हणून इथेही बाईच लिहिते.

अमेरिकेतले आधुनिक नृत्यरचनाकार होसे लिमोन यांनी १९४९ मध्ये 'द मूर्स पवान' हे नृत्य रचलं. जेमतेम वीस मिनिटं, चारच नर्तक, जुन्या इंग्लिश संगीतकार पर्सेलचं संगीत, आणि शेक्सपिअरच्या ऑथेल्लोची सगळी कथा एका रुमालाभोवती. त्यातली नायकाच्या मित्राच्या बायकोची भूमिका शिकायला मी आले, ती पूर्ण तयारीनिशी आले असंच मला वाटत होतं. तालमीचं एक जुनं चित्रीकरण इतक्यांदा पाहिलं होतं, की बोटंसुद्धा हुबेहूब जुळत होती. रुमाल हाती आल्यावर वळताना डावा पाय किंचित थबकतो, तेही मन लावून बसवलं होतं. तुम्ही संगीत थांबवलंत. "हे रचनेत नाही. त्या दिवशी माझा पाय अडखळला होता."

त्या चित्रीकरणात तुम्ही आहात, हे मला तोवर ठाऊकच नव्हतं.

मग श्वासापासून सुरुवात झाली. आपल्या गुरू डोरिस हम्फ्री यांच्याकडून लिमोन यांनी घेतलेलं ते पडणं आणि सावरणं तुम्ही माझ्या अंगात उतरवलंत. वजन कुठे सोडायचं, ते पुन्हा कुठून उचलायचं, हे पडद्यावर कधीच दिसलं नव्हतं. "हे दरबारी नृत्य आहे, चेहऱ्यावर अदब ठेव. राग पाठीत दिसू दे." चौघं हात धरून आत झुकतात, त्या क्षणी मला अजून तुमची पाठ आठवते.

आणि एवढं सगळं अंगात असूनही स्वतःच्या आठवणीवर तुम्ही डोळे मिटून विसंबला नाहीत. लाबान लिपीतली, म्हणजे नृत्याच्या हालचाली चिन्हांनी लिहून ठेवायच्या लिपीतली, नोंद मला वाचायला लावलीत. एका मोजणीवरून शंका आली, तेव्हा जुन्या सहकारी बाईंना फोन केलात, तासभर वाद घातलात आणि त्यांचं बरोबर निघाल्यावर वहीत दुरुस्ती केलीत. माझ्या लेखी ते शिक्षण नाचाइतकंच मोठं आहे.

लिमोन १९७२ मध्ये गेले. संस्थापकामागे नृत्यसंस्था टिकते, असा अमेरिकेच्या आधुनिक नृत्यात तेव्हा पायंडा नव्हता. लिमोन यांची संस्था टिकली, कारण तुमच्यासारख्यांनी आपली उमेदीची वर्षं दुसऱ्याच्या रचनेला दिली. "स्वतःचं काही केलं नाही" असं कुणी तुमच्याबद्दल म्हणालं, की मला फार लागतं. तीच भूमिका वर्षानुवर्षं, दर वेळी नव्यानं शोधत नाचणं हे तुमचं स्वतःचंच होतं.

पुढच्या महिन्यात ही भूमिका मी पहिल्यांदाच एका मुलीला शिकवणार आहे. तुम्ही दिलेल्या वहीच्या प्रतीत रुमालाच्या वळणापाशी दोन मोजण्या आहेत, त्यातली एक पेन्सिलनं खोडलेली. ती का खोडलीत, ते विचारायला रविवारी फोन करते.

तुमची,
एक विद्यार्थिनी