पोदेराचा पाव सापडला तर तो कोणाचा?

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीतला ज्यू परंपरेवरचा लेख वाचला. लेखकाने मेहनत घेतली आहे, सणांची माहितीही बरोबर आहे. पण तालमूद, म्हणजे ज्यू धर्मशास्त्रावरच्या चर्चांचा ग्रंथ, हा विद्वानांचा प्रांत, सामान्यांनी लांबून नमस्कार करावा, असा जो सूर शेवटी लागला तो मला पटला नाही.

मी मूळची रेवदंड्याकडची बेने इस्राएल, म्हणजे कोकणातली मराठी ज्यू. यजमानांच्या नोकरीमुळे आधी वास्कोला आले, आता फोंड्यात असते. आमच्या माहेरी तालमूदचे नावही कोणी घेत नसे. कोकणातल्या आमच्या पूर्वजांनी शनिवारी तेलाचे घाणे बंद ठेवले, म्हणून गावाने त्यांना ‘शनवार तेली’ म्हटले. सुंता पाळली, ‘शेमा’ ही प्रार्थना पाठ ठेवली, पर नि खवले नसलेली मासळी वर्ज्य केली. (गोव्यात राहून सुंगटे-तिसऱ्या न खाणाऱ्या बाईकडे शेजारीपाजारी कसे बघतात, हा वेगळ्या पत्राचा विषय आहे.) तालमूद मात्र त्यांच्यापर्यंत पोचलाच नव्हता. मुंबईतले आमचे पहिले सिनेगॉग १७९६ चे, आणि पुस्तकी धर्मशिक्षण आम्हाला बऱ्याच अंशी कोचीनकडच्या शिक्षकांकडून मिळाले. थोडक्यात, आम्ही मराठी ज्यू या विषयातले पिढीजात नवशिके. म्हणून नवशिक्यांच्या वतीने चार शब्द लिहायचा हक्क मला आहे असे मी समजते.

तालमूद अवघड आहे हे खरेच. मिश्ना हा नियमांचा संग्रह त्याचा गाभा आणि गेमारा ही त्यावरची चर्चा. जुन्या छापील पानावर ना स्वल्पविराम, ना प्रश्नचिन्ह; वाक्य प्रश्न आहे की उत्तर, हेच आधी ठरवावे लागते. अकराव्या शतकात फ्रान्समधल्या त्रोया गावच्या राशी नावाच्या भाष्यकारांनी ओळीओळीला सोपे करून सांगितले, ते आजही मजकुराच्या शेजारी छापतात. आपल्या काळात इस्राएलचे विद्वान अदिन स्टाइनसाल्झ यांनी १९६५ मध्ये विरामचिन्हे, स्वरचिन्हे आणि आधुनिक हिब्रू भाषांतरासह काम सुरू केले, ते २०१० मध्ये पुरे झाले. २०१७ पासून इंग्रजी भाषांतरही इंटरनेटवर फुकट आहे. जगभर हजारो लोक रोज एक पान वाचतात. ही पद्धत १९२३ ची. २,७११ पाने, साडेसात वर्षे. नवशिक्याने कृपा करून तिथून सुरुवात करू नये. दोन आठवड्यांत पुस्तक कपाटात जाते.

सुरुवात भांडणातून करावी. सुट्टीत नातवंडे आली की वाड्यावरची पोरे आमच्या बाल्कांवात जमतात. त्यांना मी ‘बावा मेत्सिया’ या भागातली एक यादी सांगितली. वाटेत सापडलेली कोणती वस्तू सापडणाऱ्याची आणि कोणत्या वस्तूचा पुकारा करायचा? विखुरलेली नाणी, माळेत ओवलेली मासळी, बेकरीवाल्याचे (म्हणजे आपल्या पोदेराचे) पाव, हे सापडेल त्याचे. पाकिटातली नाणी, एकावर एक रचलेली तीन नाणी, घरी भाजलेले पाव, यांचा पुकारा. का? पोरांनी स्वतःच शोधले: बेकरीवाल्याचे पाव सगळे सारखे, मालक खूण काय सांगणार? घरच्या पावाला घरचा हात ओळखू येतो. झाले! एक मुलगी उसळली: आमच्या पोदेराची पोई मी डोळे मिटून ओळखीन, मग ती पुकारायची की नाही? तिला सांगितले, रब्बी यहुदाही असेच म्हणतात. वस्तूत काही वेगळेपण असेल, पावात नाणे निघाले, तर पुकारलेच पाहिजे. तिची मान दोन इंच वर गेली.

मग म्हार्दोळच्या जत्रेतली पाचशेची नोट आली. मालकाच्या खिशातून पडली, पण त्याला अजून पत्ताच नाही. कळले तर तो आशा सोडणारच, आणि मालकाने आशा सोडली की वस्तू सापडणाऱ्याची. मग आता उचलली तर चालेल? रावा म्हणतात चालेल, अबाये म्हणतात नाही. हे दोघे चौथ्या शतकातले बाबिलोनचे पंडित. त्यांच्या वादांत निकाल जवळजवळ नेहमी रावांच्या बाजूने लागतो. मोजक्या सहा ठिकाणी अबाये जिंकतात, त्यातले हे एक. शेजारचे निवृत्त मास्तर एवढा वेळ पेपर वाचण्याचे सोंग करत होते, तेही शेवटी रावांच्या बाजूने उतरले. हरलेले मत पुस्तकातून खोडलेले नाही, हे मास्तरांना सांगितल्यावर जरा बरे वाटले.

बापाची कर्तव्ये सांगतानाही तालमूदमध्ये मुलाला शास्त्र शिकव, हुन्नर शिकव यांच्याबरोबर ‘कोणी म्हणतात, पोहायलाही शिकव’ असे येते. मांडवीकाठच्या आईबापांना याची फोड करून सांगायला नको.

ही घरातली शिकवण मराठीला परकी नाही. वल्हांडणाला, ज्याला आमच्याकडे अनाशी धाकाचा सण म्हणत, घरातले सर्वांत लहान मूल प्रश्न विचारते आणि मग मोठे इजिप्तमधल्या गुलामीतून सुटल्याची गोष्ट सांगू लागतात. त्या रात्रीची पोथी, हग्गादा, मराठी अर्थासह मुंबईत १८४६ मध्ये छापली गेली, पुण्यात १८७४ मध्ये. आमच्या लोकांनी बायबलमधल्या कथांवर मराठीत कीर्तनेसुद्धा रचली.

गोव्यात ज्यू म्हटले की ज्यू वंशाचे पोर्तुगीज वैद्य गार्सिया द ओर्ता आठवतात. पणजीत त्यांच्या नावाची बाग आहे, १५६३ मध्ये इथेच त्यांचा औषधींवरचा ग्रंथ छापला गेला, आणि मृत्यूनंतर १५८० मध्ये इन्क्विझिशनने (चर्चच्या धर्मन्यायालयाने) त्यांची हाडे उकरून जाळली. हे मुलांना सांगायलाच हवे. पण एका समाजाची ओळख फक्त जाळलेल्या हाडांतून, नाहीतर हरमलच्या हॉटेलांतल्या हिब्रू पाट्यांतून व्हावी, हे मला रुचत नाही.

म्हणून विनंती. मुलांच्या पानावर आठवड्याला एक चौकट द्या. त्यात एकच वाद, दोन्ही बाजू, आणि निकाल पुढच्या रविवारी. सुविचार नकोत; तालमूदच्या नावाने मोबाइलवर फिरणारे सुविचार बहुतेक तालमूदमध्ये नसतातच. धर्मोपदेशही नको. पहिला वाद मीच पाठवते:

दोघांनी एकच वस्त्र धरले आहे. एक म्हणतो, “सगळे माझे.” दुसरा म्हणतो, “अर्धे माझे.” कोणाला किती द्यायचे? अर्धे-अर्धे हे उत्तर नाही.

आपली,
एक वाचक, फोंडा