धारवाडला जायच्या आधी

बेळगाव

प्रिय मित्रा,

पत्र मिळालं. तुझी मुलगी लग्न करून कोल्हापूरला गेली, ते वाचलं. फोनवर बोललो असतो तर दोघांचाही आवाज चढला असता, म्हणून लिहितोय.

हेबिअस कॉर्पस घालायचं म्हणतोस, म्हणजे डांबून ठेवलेल्या माणसाला कोर्टापुढं हजर करा, असा अर्ज. घालता येतं. राज्यघटनेच्या कलम २२६ खाली, हायकोर्टाच्या धारवाड खंडपीठात. पण तिथं तुला शपथेवर सांगावं लागेल, की मुलीला बेकायदा डांबून ठेवलंय. आणि तूच लिहितोस, परवा तिनं वहिनींना फोन करून मार्क्स कार्ड आणि आधार मागितलं, नोकरीसाठी. डांबलेली पोर मार्क्स कार्ड मागते होय रे?

समजा, तरी घातलंस. नोटीस निघेल, पोलीस कोल्हापूरला जाऊन तिला हजर करतील. पुढचं मी बघितलंय. आपल्याच भागातली मुलगी होती. न्यायमूर्तींनी कन्नडमधून विचारलं, ती मराठीतून बोलली, वकिलानं ते समजावून सांगितलं. ‘मला कुणी पळवलं नाही. नवऱ्याकडं जायचंय.’ सज्ञान आहे का हे बघायला, जन्मतारखेसाठी एसएसएलसीचं, म्हणजे दहावीचं, मार्क्स कार्ड बघितलं आणि काम संपलं. जात कुठली, पोराचा पगार किती, कुणी विचारलंसुद्धा नाही. बापाला वाटत होतं, आपल्यालाही बोलायला मिळेल. वकील आधी सांगत नाहीत रे हे. फी घेऊन मोकळे होतात.

केरळच्या हादियाचं प्रकरण आठवतं? बापाच्या अशाच अर्जावर हायकोर्टानं २०१७ मध्ये तिचं लग्नच रद्द केलं. चोवीस वर्षांची बाई, महिनोन्महिने बापाच्या घरात अडकून पडली. सुप्रीम कोर्टानं ८ मार्च २०१८ ला तो निकाल फिरवला. सज्ञान माणसानं कुणाशी लग्न करावं हे या अर्जात कोर्टानं ठरवायचं नसतं म्हणाले. बापाची माया खोटी होती असं मी म्हणत नाही. तुझी तर नाहीच नाही.

आता तुझ्या मेव्हण्याचं. गाडी घेऊन जातो, समजूत काढून चंदगडला आणतो, मन थाऱ्यावर येईपर्यंत तिथंच ठेवतो, म्हणतोय. तसलं काही करू देऊ नकोस. मग हाच अर्ज तिचा नवरा घालेल, आणि डांबणारे म्हणून नावं तुमची पडतील. बेकायदा डांबून ठेवण्याबद्दलचं भारतीय न्याय संहितेचं कलम १२७ वेगळंच. चार दिवस ठेवलं तरी तीन वर्षांपर्यंत शिक्षा आहे त्यात. मामाचं घर म्हणून सूट नाही.

मिसिंगची तक्रार दिलीयस, तेवढं ठीक. पोलिसांना तिचा जबाब घेऊ दे. तो कन्नडमध्ये लिहितील, तर सही करण्याआधी मराठीतून वाचून घे म्हणावं तिला. वहिनी फोनवर सांगू शकतील. कागदपत्रं स्पीड पोस्टनं पाठवून दे, अडवून ठेवू नकोस. तू तिच्याशी बोलला नाहीस अजून, हे मला जास्त खटकतंय.

रविवारी ये जेवायला. मेव्हण्याला आणू नकोस.

तुझा,
वकील मित्र