रोल आता घरच्या तव्यावर

पुणे, रविवार

तीर्थरूप बाबा आणि सौ. आई,
शिरसाष्टांग नमस्कार.

बाबा, कोपऱ्यावरच्या गाडीवाल्या दादांना मी काल फोन करून सांगितले, की यापुढे तुम्हांला पनीर रोल देऊ नये. आधी तुम्हांला विचारायला हवे होते, ही गोष्ट रात्रभर मनात सलत राहिली. पण मागच्या महिन्यातली ती रात्र आईने एकटीने काढली आहे, डॉक्टरांनी मीठ कमी करायला बजावले आहे, आणि त्या रोलमध्ये शेजवान चटणी, सॉस, चाट मसाला, लोणी अशा चारी वाटांनी मीठच पोटात जाते. काळे मीठ हेही मीठच आहे, बाबा. घाटापर्यंतचा संध्याकाळचा फेरफटका मात्र चालू ठेवा. परत आल्यावर तितकाच झणझणीत रोल घरी मिळावा म्हणून मी गेले तीन रविवार तो करून पाहते आहे.

आई, एक लिटर म्हशीचे दूध उकळले की गॅस बंद कर आणि दोन चमचे लिंबाचा रस थोडा थोडा घाल. हिरवट निवळी सुटली की फडक्यात गाळून, गार पाण्याने धुऊन, वर वरवंटा ठेव. तो तू उचलायचा नाहीस, बाबांनी ठेवायचा. दोनशे ग्रॅमच्या आसपास पनीर निघते, तुम्हां दोघांना पुरेसे. निवळी टाकू नकोस, तिनेच कणीक मळ, पोळी रात्रीपर्यंत मऊ राहते. चार चमचे चक्का, आले-लसूण, आपली सांगलीची हळद आणि निळ्या डब्यातली कांदा-लसूण चटणी एकत्र करून त्यात चमचाभर भाजलेले बेसन घाल, म्हणजे मसाला पनीरला धरून राहतो. चटणीत मीठ असतेच, वेगळे अजिबात नको. वरून लिंबू पिळलेस की उणीव जाणवत नाही.

कोलकात्याला हा पदार्थ सुरू झाला तेव्हा सळईवर निखाऱ्यांत भाजलेले कबाब पराठ्यात गुंडाळून देत. आपल्याकडे निखारे नाहीत, म्हणून तो खरपूसपणा तव्यानेच आणावा लागतो: तवा चांगला तापू दे, पनीर पसरून ठेव आणि खालच्या बाजूला तांबूस डाग पडेपर्यंत हलवू नकोस. तीन-चार मिनिटांहून अधिक ठेवलेस तर ते चिवट होते आणि बाबांच्या नव्या दातांना त्रास होईल. कांदा आणि ढोबळी मिरची शेवटी, मोठ्या आचेवर, करकरीत राहील इतकीच परत.

गुंडाळायला वर्तमानपत्र घेऊ नका, त्याची शाई अन्नाला लागते. बटर पेपर कुरियरने पाठवला आहे. मी तूप-साखरेची पोळी खाताना तूप कोपरापर्यंत ओघळायचे, आणि बाबा, तुम्ही न बोलता सुरळीचे खालचे टोक आत दुमडून माझ्या हातात परत द्यायचात. रोलही तसाच दुमडायचा आहे, म्हणजे मसाला गळत नाही.

गाडीवाल्या दादांवर राग धरू नका. त्यांनी फोनवर आधी तुमचीच तब्येत विचारली. शनिवारी मी येते आहे. कणीक मी मळेन, आई, तू गुडघा न ताणता ओट्याजवळ खुर्चीवर बसून पोळ्या लाट, आणि टोके बाबा दुमडतील.

तुमची,
मनू