डेट्रॉइटचा कप्तान जळगावच्या पोरांना समजावणाऱ्या नानांस

आदरणीय नाना,
स. न. वि. वि.

दर रविवारी डेट्रॉइटहून फोन करून तुम्ही आमच्या रोलर हॉकीच्या पोरांना स्टीव्ह आयझरमन शिकवलात, त्याबद्दल आम्ही सगळे पालक आणि प्रशिक्षक तुमचे मनापासून आभारी आहोत.

1986 मध्ये 21व्या वर्षी आयझरमन डेट्रॉइटच्या रेड विंग्ज या आइस हॉकी संघाचा कप्तान. 1988-89 मध्ये 65 गोल, 90 असिस्ट (गोलसाठी दिलेले पास). एवढं करूनही स्टॅन्ली कप, म्हणजे एनएचएल या तिथल्या मोठ्या हॉकी लीगचा विजेतेपदाचा चषक, येत नव्हता. पुढे प्रशिक्षक स्कॉटी बोमन यांनी त्याला मागे येऊन बचाव करायला लावलं. त्याचे गोल घटले, पण 1997 मध्ये 42 वर्षांनी कप डेट्रॉइटला आला. मग 1998 ला आणि 2002 लाही.

‘मागे येणं’ म्हणजे नेमकं काय, हे तुम्ही फोडून सांगितलंत, त्याचं मोल फार मोठं आहे. पक (खेळायची चपटी चकती) समोरच्यांकडे गेला की पहिली तीन पावलं पूर्ण जोरात आपल्या गोलकडे. मग मान वळवून मोकळा माणूस शोधायचा. तो आणि आपला गोल यांच्या मधे राहायचं, काठीचं पातं जमिनीला टेकलेलं. पोरं नेमकी उलट करतात: एकाच पकवर दोघं धावतात आणि गोलसमोर तिसरा मोकळा सुटतो. इनलाइनमध्ये, म्हणजे आपल्या एका रांगेतल्या चाकांच्या स्केट्सवरच्या हॉकीत, गोलकीपर सोडून चारच खेळाडू, त्यामुळे एक चुकला की पाव संघ गेला.

शिफ्टचं, म्हणजे बदली होईपर्यंत एका दमात खेळायच्या वेळेचं, गणितही तुमचंच. बर्फावर साधारण 45 सेकंद. त्यापुढे पाय भरून येतात, कंबर सरळ होते, काठी उचलली जाते. आपल्या सिमेंटवर चाकं बर्फासारखी घसरत नाहीत, प्रत्येक पाऊल रेटावं लागतं, म्हणून आम्ही शिफ्ट 35 सेकंदांवर आणली. बदली करायची ती पक समोरच्यांच्या टोकाला असतानाच. पक आपल्याकडे येत असताना बाकाकडे वळलं तर मागे खिंडार पडतं. आणि बाहेर येणारा बाकाजवळ पोहोचायच्या आत नव्याने पकला हात लावला तर जास्त खेळाडू उतरवल्याची दोन मिनिटांची शिक्षा.

कप्तानाच्या छातीवरचं ‘सी’ अक्षर म्हणजे पंचांना नियम विचारायचा हक्क, भांडायचा नाही, हेही आता पोरांना पक्कं ठाऊक आहे. 1998 चा कप हाती येताच आयझरमनने तो व्हीलचेअरवरच्या आपल्या संघातल्या सोबत्याच्या, व्लादिमिर कॉन्स्टँटिनोव्हच्या, मांडीवर ठेवला. अपघातात त्याचं खेळणं कायमचं थांबलं होतं. तुम्ही हे सांगितलंत तेव्हा मैदानावर एक पोर बोललं नाही.

नाना, हिवाळ्यात गावी आलात की सकाळी साडेसहाला मैदानावर या. शिफ्टचं घड्याळ तुमच्याच हाती देणार आहोत. भरीत आणि कळण्याची भाकरी नंतर.

आपले,
जळगावच्या रोलर हॉकीचे पालक व प्रशिक्षक